दावा निकाली निघाला, तरी भांडण पुन्हा कोर्टात कसं येतं?

समजा, गावाकडे सहा एकर जिरायत, दोन एकर बागायत आणि गावठाणात एक जुना वाडा आहे. वडील वारले, मागे आई, दोन भाऊ, एक बहीण. थोरल्याने वाटपाचा दावा लावला. तो चालू असतानाच धाकट्याने विहिरीच्या पाण्यावरून वेगळा मनाईचा दावा ठोकला. तिकडे वारस नोंदीवर हरकत आली, ती मंडळ अधिकाऱ्यांकडून प्रांतांपर्यंत गेली. वाटपाचा निकाल लागेपर्यंत धाकट्याचा मुलगा मोठा झाला; 'यात माझा जन्मतः हिस्सा आहे, मला कुणी विचारलंच नाही' म्हणत त्याने तिसरा दावा लावला. बहिणीने पूर्वी हक्कसोडपत्र करून दिलं होतं, ते फसवून घेतलं म्हणून तिचा चौथा. आणि मधल्या काळात थोरल्याने ज्याला एक एकर विकली, तो खरेदीदार पाचवा.

हे घर काल्पनिक आहे. पण कुठल्याही तालुक्याच्या दिवाणी कोर्टाचा बोर्ड पाहिला तर त्यावर याचे भाऊबंद सापडतील. अशा वेळी जिंकलेला पक्षकार वकिलाला एकच प्रश्न विचारतो: जमीन तीच, माणसं तीच, भांडण तेच, मग कोर्ट हे पुन्हा ऐकून कसं घेतं?

कारण 'भांडण तेच आहे का' हा प्रश्न कोर्ट विचारतच नाही. ते विचारतं, या माणसांमध्ये, याच हक्कावरून, नेमका कोणता मुद्दा ऐकून कायमचा निकाली निघाला आहे? घरच्यांच्या दृष्टीने भांडण एकच असतं. कोर्टाच्या दृष्टीने त्यातला काही भाग निकाली निघालेला असतो आणि काही अजून उघडा असतो. नवा दावा टिकतो की पडतो हे त्या उघड्या भागावर ठरतं.

कलम ११ काय अडवतं

दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ ची. तिच्या कलम ११ ला वकील मंडळी 'रेस ज्युडिकेटा' म्हणतात. ज्या मुद्द्यावर सक्षम कोर्टाने ऐकून अंतिम निकाल दिला आहे, तो त्याच पक्षकारांना, किंवा त्यांच्यामार्फत हक्क सांगणाऱ्यांना, पुन्हा उकरता येत नाही. निकाल चुकीचा वाटत असेल तर अपील करायचं. अपिलाची मुदत घालवली, तर चुकीचा वाटणारा निकालही बांधून ठेवतो. १९६० साली सत्यध्यान घोषाल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे तत्त्व निकालाच्या अंतिमपणाशी जोडलं: एकदा निकाली निघालेली गोष्ट त्या पक्षकारांपुरती पुढे खरी धरायची.

या कलमाखाली काही स्पष्टीकरणं आहेत आणि त्यातलं चौथं घरगुती दाव्यांत सगळ्यात जास्त लोकांना आडवं येतं. आधीच्या दाव्यात जो मुद्दा मांडता आला असता आणि मांडायला हवा होता, तो मांडला नसला तरी मांडून निकाली निघाला असंच समजलं जातं. आपल्या घरात धाकट्याने वाटपाच्या दाव्यात कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, दिली, पण वडिलांनी बागायत आपल्या नावे मृत्युपत्राने दिली आहे हे त्यात लिहिलंच नाही. वकिलाला सांगितलं नसेल, कागद सापडला नसेल, किंवा हुकमाचं पान म्हणून राखून ठेवलं असेल. हिस्से ठरल्यावर तेच मृत्युपत्र घेऊन तो नवा दावा लावायला गेला, तर कोर्ट म्हणेल, हे तेव्हाच सांगायचं होतं. पाचवं स्पष्टीकरणही याच जातीचं: मागितलेली एखादी दाद निकालात दिल्याचा स्पष्ट उल्लेख नसेल, तर ती नाकारली असं धरायचं.

भावंडं सगळीच प्रतिवादी असली तरी सुटका नाही. वाटपाच्या दाव्यात वादी-प्रतिवादी या नावांना फारसा अर्थ नसतो, प्रत्येक जण आपला हिस्सा मागतच असतो. दोन प्रतिवादी भावांमध्ये हितसंबंधांचा झगडा असेल आणि वादीला दाद द्यायची म्हणून तो सोडवणं भागच असेल, तर तो निकाल त्या दोघांनाही एकमेकांविरुद्ध बांधतो.

जे निकाली निघालेलंच नसतं

आता धाकट्याचा विहिरीच्या पाण्याचा दावा घ्या. त्यात कोर्टाने पाहिलं ते एवढंच, की दाव्याच्या दिवशी मोटर कुणाची होती आणि वहिवाट कुणाची. मालकीचा प्रश्न आनुषंगिक आला असेल. त्यावर मुद्दा निघून निकाल झाला नसेल, तर 'माझ्या बाजूने निकाल आहे' असं म्हणून मालकी सिद्ध होत नाही. नुसत्या मनाईच्या दाव्यात मालकी कधी तपासायची आणि पक्षकाराला मालकीचा वेगळा दावा लावायला कधी सांगायचं, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ च्या अनाथुला सुधाकर प्रकरणात नीट मांडून दिलं आहे. कमी खर्चात, लवकर काम होतं म्हणून लोक फक्त मनाई मागतात आणि दहा वर्षांनी मालकीसाठी पहिल्यापासून सुरुवात करतात.

महाराष्ट्रातल्या कोर्टांत तूर्तातूर्त मनाईच्या अर्जाला बहुधा पाच नंबरची निशाणी पडते, म्हणून त्याला सगळे 'निशाणी पाच' म्हणतात. निशाणी पाच मंजूर झाली की गावात पेढे वाटले जातात. पण तो दावा चालू असेपर्यंतचा बंदोबस्त असतो. त्यात न्यायाधीशांनी लिहिलेलं मत प्रथमदर्शनी असतं आणि पुरावा झाल्यावर त्याच कोर्टाचं मत उलटं होऊ शकतं.

महसुलाचं तर वेगळंच. फेरफाराची लढाई मंडळ अधिकारी, प्रांत, अपर जिल्हाधिकारी आणि पुढे मंत्रालयापर्यंत जाते, त्यात दिवाणी दाव्याइतकीच वर्षं आणि तेवढेच पैसे जातात. हाती येते ती सातबाऱ्यावरची एक नोंद. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे ती नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी धरली जाते, पण नोंदीने मालकी मिळत नाही आणि जातही नाही. त्यामुळे प्रांतांकडे जिंकलेला भाऊ दिवाणी कोर्टात हरू शकतो, आणि हरलेल्याने दिवाणी दावा लावला तर त्याला 'तू पुन्हा तेच घेऊन आलास' असं म्हणता येत नाही. माझ्या मते घरगुती जमिनीच्या भांडणात सगळ्यात वाया जाणारा पैसा याच पायऱ्यांवर जातो.

दुसरा दावा रोखणारी बाकीची दारं

कलम ११ साठी दावा ऐकून निकाली निघालेला लागतो. पण दावा दुसऱ्या वाटांनीही संपतो, आणि त्या प्रत्येक वाटेवर संहितेने वेगळी अडचण उभी केली आहे.

एकाच कारणातून निघणाऱ्या सगळ्या मागण्या एकदम करायच्या. काही मागे ठेवल्या तर त्यांच्यासाठी परत यायचं नाही, हा आदेश २ नियम २. वादी तारखेला गैरहजर म्हणून दावा काढून टाकला, तर आदेश ९ नियम ९ प्रमाणे तो पूर्ववत करून घ्यायचा, त्याच कारणावर नवा लावायचा नाही. दावा काढून घ्यायचा असेल तर पुरसिस, म्हणजे कोर्टाला लेखी निवेदन, देताना 'नवीन दावा लावण्याच्या परवानगीसह' असं मागून कोर्टाची परवानगी घ्यायची. नुसतीच 'दावा चालवायचा नाही' अशी पुरसिस दिली तर आदेश २३ नियम १ आडवा येतो. पक्षकार मयत झाला आणि ९० दिवसांत वारस रेकॉर्डवर आणले नाहीत, तर त्याच्यापुरता दावा संपतो. मग ते रद्द करून घ्यायला आणखी ६० दिवस आणि त्यानंतर उशीर माफीचा अर्ज. घरगुती दाव्यात माणसं म्हातारी असतात, त्यामुळे हा वारसांचा अर्ज रोजनाम्यात पुन्हा पुन्हा दिसतो.

आणि तडजोड. तडजोडीने हुकूमनामा (निकालावरून निघणारा कोर्टाचा औपचारिक हुकूम) झाला, नंतर कुणाला वाटलं की आपली सही फसवून घेतली, तर तो रद्द करायला वेगळा दावा चालत नाही. आदेश २३ नियम ३अ तशी मनाईच करतो. ज्या कोर्टाने तडजोड नोंदवली त्याच कोर्टात अर्ज घेऊन जायचं. सर्वोच्च न्यायालयाने २००६ च्या पुष्पादेवी भगत प्रकरणात आणि पुन्हा २०२० च्या त्रिलोकीनाथ सिंह प्रकरणात हे सांगितलं. लोकअदालतीत मिटलेलं प्रकरण तर आणखी पक्कं, त्यावर अपीलच नाही.

इथपर्यंत वाचून वाटेल की सगळी दारं बंदच आहेत. वाटपाच्या दाव्यात तसं नाही.

वाटपाचा हक्क रोज नव्याने उभा राहतो

जोवर मालमत्ता एकत्र आहे, तोवर सहहिस्सेदाराला वाटप मागण्याचा हक्क आहे. म्हणून वाटपाचा पहिला दावा गैरहजेरीत निघाला किंवा परवानगीशिवाय काढून घेतला, आणि मालमत्ता अजून एकत्रच आहे, तर दुसरा दावा सहसा चालतो. उच्च न्यायालयांनी हे वेळोवेळी मान्य केलं आहे. विरुद्ध बाजूला हा अन्याय वाटतो. पण दुसरा पर्याय काय? एका चुकलेल्या तारखेमुळे चार भावंडांनी पिढ्यान्‌पिढ्या सामाईकच राहायचं, असं कायदा म्हणू शकत नाही.

दुसरी अडचण वादीनेच आणलेली असते. वाटपाच्या दाव्यात सगळे हिस्सेदार आणि सगळी सामाईक मिळकत घ्यावी लागते. बहिणींना 'त्यांना काय द्यायचंय' म्हणून वगळलं, पुण्यातला फ्लॅट सोडून फक्त शेत घातलं, की दावा जन्मतःच अधू. कनकरत्नम्माळ विरुद्ध लोगनाथ मुदलियार या दक्षिणेतल्या प्रकरणात आईच्या मिळकतीवर हक्क सांगणाऱ्या मुलीने आपल्या भावांना पक्षकारच केलं नव्हतं. मिळकत आईची होती हा तिचा मुद्दा सर्वोच्च न्यायालयाने मान्य केला, आणि नेमक्या त्याच कारणाने दावा फेटाळला: मिळकत आईची, तर भाऊही वारस, आणि ते समोर नाहीत.

जे पक्षकार नव्हते त्यांना तो निकाल बांधत नाही. वगळलेली बहीण दहा वर्षांनी आली, तर ती भांडण उकरत नसते, ती पहिल्यांदाच बोलत असते. घराघरांतले 'परत परत दावे' म्हणतात त्यातले कितीतरी असे पहिल्या दाव्यातल्या काटकसरीतून जन्मतात, असं माझं मत आहे. पहिल्या दिवशी चार नोटिसांचा खर्च वाचवायचा, आणि मग सगळंच दोनदा करायचं.

पुतण्या, बहीण आणि खरेदीदार

पुतण्याच्या, म्हणजे धाकट्याच्या मुलाच्या, दाव्याचं भवितव्य एका प्रश्नावर ठरतं: जमीन त्याच्या बापाकडे कशी आली? आजोबांची स्वकष्टाची जमीन १९५६ नंतर वारसाने मुलाकडे आली असेल, तर हिंदू वारसा कायद्याच्या कलम ८ प्रमाणे ती त्या मुलाची स्वतःची. नातवाला बाप जिवंत असताना तीत हिस्सा नाही. चंदर सेन प्रकरणाने १९८६ मध्ये हे पक्कं केलं. 'आजोबांची म्हणजे वडिलोपार्जित, म्हणजे माझी' हा समज इतका खोल आहे की वकिलांनाही तो काढायला वेळ लागतो. जमीन खरोखर एकत्र कुटुंबाची असेल, तरी आधीच्या दाव्यात बाप शाखेच्या वतीने प्रामाणिकपणे लढला असेल तर मुलगाही त्या निकालाने बांधला जातो. सहाव्या स्पष्टीकरणाचा आशय तोच. बापाने विरुद्ध पक्षाशी संगनमत केलं हे मुलाने दाखवलं तर गोष्ट वेगळी, पण ते दाखवणं सोपं नाही.

बहिणीचं पाहू. हक्कसोडपत्र नोंदणीकृत असेल, तर ते रद्द करून घ्यायला मुदत तीन वर्षांची, फसवणूक कळल्यापासून. वाटपाच्या दाव्यात ती पक्षकार होती आणि तेव्हा गप्प बसली, तर वर सांगितलेलं चौथं स्पष्टीकरण तिलाही लागू. मात्र कायदाच मध्ये बदलला तर? तो बदलला आहे, आणि महाराष्ट्रात दोनदा. २२ जून १९९४ पासून राज्याच्या दुरुस्तीने तोवर लग्न न झालेल्या मुलींना सहदायाद, म्हणजे एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत जन्मतः हिस्सेदार, केलं. ९ सप्टेंबर २००५ पासून केंद्राच्या दुरुस्तीने सगळ्याच मुलींना. वडील २००५ ला हयात हवेत की नकोत यावर पंधरा वर्षं उलटसुलट निकाल येत राहिले. अखेर ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा प्रकरणात तीन न्यायमूर्तींनी सांगितलं, नकोत. हक्क जन्माने आहे. २० डिसेंबर २००४ च्या आधी नोंदणीकृत किंवा कोर्टाच्या हुकूमनाम्याने झालेली वाटपं मात्र अबाधित. या पंधरा वर्षांत बहिणींनी लावलेल्या दाव्यांना भाऊ 'पुन्हा तेच' म्हणत राहिले. दोष बहिणींचा नव्हता, कायद्याचं उत्तरच ठरत नव्हतं.

खरेदीदार सगळ्यात सोपा. दावा चालू असताना विकलेली जमीन मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ प्रमाणे निकालाच्या अधीन असते. पण महाराष्ट्रात या कलमाला १९३९ ची मुंबई दुरुस्ती आहे: दावा चालू असल्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवलेली असली तरच हे संरक्षण मिळतं. ती नोंदवायची कितीतरी वादी विसरतात आणि नंतर खरेदीदाराशी 'तुला माहीत होतं, नव्हतं' या वादात अडकतात. वाड्यातला हिस्सा एखाद्या परक्याने विकत घेतला आणि त्याने वाटप मागितलं, तर घरचा हिस्सेदार किंमत देऊन तो हिस्सा परत घेऊ शकतो. १८९३ च्या वाटप कायद्यातलं कलम ४ त्यासाठीच आहे.

खोडसाळ माणसाचं काय?

आतापर्यंतच्या दाव्यांना निदान काही कारण होतं. काही दावे फक्त ताबा लांबवायला असतात. ज्याच्या हातात कब्जा आहे त्याला उशीर परवडतो, पीक तोच घेत असतो.

पहिला दावा चालू असतानाच त्याच मुद्द्यावर दुसरा आला, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १० खाली दुसऱ्याची सुनावणी थांबवून घेता येते. दावा दाखल व्हायला त्याने आडकाठी होत नाही, आणि तूर्तातूर्त हुकूमही होऊ शकतात. थांबते ती फक्त सुनावणी. दुसरा दावा उंबरठ्यावरच फेटाळायचा असेल तर आदेश ७ नियम ११ चा अर्ज. १९७७ साली टी. अरिवंदंदम प्रकरणात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी खालच्या कोर्टांना बजावलं की दाव्याचा अर्ज नीट, अर्थ लावून वाचा. शब्दांच्या करामतीने कारण असल्याचा भास निर्माण केला असेल तर तो तिथेच फेटाळा.

पण या अर्जाची एक मर्यादा आहे. नियम ११ खाली न्यायाधीश फक्त वादीचा अर्ज पाहतात, प्रतिवादीची कैफियत किंवा कागद नाही. चलाख वादी आपल्या अर्जात जुन्या दाव्याचा उल्लेखच करत नाही. मग? बेळगावच्या एका मालमत्तेवरून झालेल्या श्रीहरी हनुमानदास तोतला प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये स्पष्ट केलं की रेस ज्युडिकेटा ठरवायला जुन्या दाव्याचे अर्ज, मुद्दे, निकाल पाहावे लागत असतील, तर ते नियम ११ चं काम नाही. त्यावर मुद्दा काढून निकाल द्यावा लागतो. म्हणजे लबाडी लपवलेली असेल तर ती उघडी पडायला दावा काही अंतर चालावाच लागतो. अनेक लोकांना नियम ११ चा अर्ज फेटाळला की आपण हरलो असं वाटतं, तसं नसतं.

कलम ११ च्या चौकटीत नेमकं न बसणारं, पण तेच रडगाणं असेल तर? मोदी उद्योगसमूहात १९८९ साली कुटुंबाची दोन गटांत विभागणी झाली आणि त्यावरचे वाद वर्षानुवर्षं चालले. त्या प्रकरणात, के. के. मोदी विरुद्ध के. एन. मोदी, सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये म्हटलं की रेस ज्युडिकेटा तंतोतंत लागू नसला तरी तोच वाद पुन्हा उकरणं हा कोर्टाच्या प्रक्रियेचा दुरुपयोग ठरू शकतो. हा अधिकार जपून वापरायचा, हेही तिथेच सांगितलं.

खर्चाचं हत्यार मात्र बोथट आहे. खोट्या, त्रासदायक दाव्याबद्दल भरपाई देणाऱ्या कलम ३५अ ची कमाल मर्यादा १९७६ पासून ३,००० रुपये आहे. आज एका तारखेला जाण्यायेण्यात आणि वकिलाच्या फीमध्ये याहून जास्त जाऊ शकतात. दिल्लीच्या हौज खासमधल्या एका घरावरून थोरल्या भावाने तीन धाकट्या भावांविरुद्ध १९७७ साली दावा लावला होता. ते प्रकरण, रामरामेश्वरी देवी विरुद्ध निर्मला देवी, २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयात संपलं तेव्हा लांबण लावणाऱ्यांवर दोन लाखांचा खर्च बसवला गेला. चुकीची बाजू लढवणं फायद्याचं राहील तोवर लोक ती लढवणारच, हे ओळखून वास्तवाला धरून खर्च द्या असं न्यायालयाने खालच्या कोर्टांना सांगितलं. तालुक्याच्या पातळीवर ते अजून फारसं झिरपलेलं दिसत नाही.

महाराष्ट्राकडे आणखी एक कायदा आहे, तो बऱ्याच वकिलांनाही पटकन आठवत नाही: महाराष्ट्र त्रासदायक दावे प्रतिबंधक कायदा, १९७१. कुणी सवयीने, सबळ कारणाशिवाय दावे लावतच सुटला असेल, तर ॲडव्होकेट जनरलच्या, म्हणजे राज्य सरकारच्या सर्वोच्च वकिलाच्या, अर्जावरून उच्च न्यायालय त्याला आधी परवानगी घेतल्याशिवाय नवा दावा लावायला मनाई करू शकतं. मद्रास प्रांताने असा कायदा १९४९ मध्ये केला होता. घरगुती भांडणात तो वापरला जाणं विरळाच. ॲडव्होकेट जनरलपर्यंत पोहोचणं हीच सामान्य माणसासाठी एक वेगळी लढाई.

फसवणुकीवर मात्र कोर्ट कडक असतं. १९९४ च्या चेंगलवराय नायडू प्रकरणात वादीने स्वतःच करून दिलेलं हक्कसोडपत्र लपवून वाटपाचा प्राथमिक हुकूमनामा मिळवला होता. फसवून मिळवलेला हुकूमनामा शून्य. त्याला कुठल्याही कोर्टात, कुठल्याही टप्प्यावर आव्हान देता येतं, असं सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं. बहिणीचा हक्कसोडपत्राचा मुद्दा इथे उलट्या बाजूनेही येतो: ती वाटप मागायला आली आणि सही केलेला कागद लपवला, तर मिळालेला हिस्साही जाईल.

हुकूमनामा हातात, जमीन कुठे?

पुष्कळदा ज्याला लोक 'पुन्हा दावा' म्हणतात तो मुळात पहिलाच असतो, न संपलेला. वाटपाच्या दाव्यात आधी प्राथमिक हुकूमनामा होतो: कुणाचा किती हिस्सा. मग प्रत्यक्ष तुकडे. वाड्यासाठी कोर्ट कमिशनर नेमून, तो वाटण्यासारखा नसेल तर विक्री करून, आणि मग अंतिम हुकूमनामा. शेतजमिनीचं वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जातं. तिथून तहसील, भूमी अभिलेख, मोजणी, सरस-निरस पाहून वाटपाचा तक्ता, हरकती, आणि शेवटी कब्जा. या दोन टप्प्यांमधली दरी एवढी मोठी, की बिहारमधल्या शुभकरण बुबना प्रकरणात १९६० चा दावा, १९६४ चा प्राथमिक हुकूमनामा आणि १९८७ साली अंतिम हुकूमनाम्यासाठी अर्ज. मुदत गेली का, असा प्रश्न आला. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणालं, नाही. अंतिम हुकूमनाम्यापर्यंत दावा चालूच असतो. आणि २०२२ मध्ये केरळच्या एका कुटुंबाच्या प्रकरणात त्याने सांगितलं की प्राथमिक हुकूमनाम्यानंतर वेगळ्या अर्जाची वाट न बघता कोर्टाने स्वतःहूनच पुढचं काम हाती घ्यावं.

दावा चालू असतो, म्हणून मधल्या काळात कुणी मयत झालं किंवा कायदा बदलला तर हिस्से नव्याने ठरू शकतात. १९६७ च्या फूलचंद प्रकरणापासून एकाहून अधिक प्राथमिक हुकूमनामे मान्य आहेत. २०११ च्या गंडुरी कोटेश्वरम्मा प्रकरणात प्राथमिक हुकूमनामा २००५ च्या दुरुस्तीआधीचा होता, अंतिम झाला नव्हता. मुलींना वाढीव हिस्सा मिळाला. सातबारा वेळेत फोडून न घेणाऱ्या भावांनी हे ध्यानात घ्यावं.

गोव्यात या सगळ्याला वेगळी रीत आहे. पोर्तुगीज नागरी कायद्यापासून चालत आलेली इन्व्हेंटरीची प्रक्रिया तिथे आजही चालते, आता २०१२ च्या कायद्याखाली. माणूस वारला की त्याचे सगळे वारस, सगळी मालमत्ता, सगळी देणी एकाच प्रकरणात येतात. एखाद्या मिळकतीवर दोघांचा डोळा असेल तर वारसांमध्येच बोली लागते आणि जास्त बोलणारा बाकीच्यांचे पैसे देतो. तिथेही भांडणं होतात आणि रखडतात. पण कुणाला वगळलं, कुठली जमीन राहिली, या आपल्याकडच्या कायमच्या फटींवर सुरुवातीलाच बोट ठेवलं जातं.

हुकूमनामा अंतिम झाला की अंमलबजावणीची दरखास्त, तिला मुदत बारा वर्षांची. दरखास्तीत अडथळे येतात. कुणीतरी नातेवाईक बांधावर उभा राहून 'मी वेगळा मालक' म्हणतो. त्याचा निर्णय तिथेच, दरखास्त चालवणाऱ्या कोर्टाने द्यायचा. त्यासाठी वेगळा दावा चालत नाही.

आणि नवा दावा आलाच तर सगळ्यात आधी नक्कल विभागात जायचं. १९६४ च्या गुरबक्ष सिंग प्रकरणात प्रतिवादीने 'हे आधीच्या दाव्यात मागायला हवं होतं' असा बचाव घेतला, पण आधीच्या दाव्याचा अर्ज रेकॉर्डवर दाखलच केला नाही. सर्वोच्च न्यायालयाने तेवढ्यावरून तो बचाव अमान्य केला: जुन्या अर्जात काय होतं हे कोर्टाने अंदाजाने ठरवायचं नसतं. म्हणून फक्त निकालपत्राची प्रत पुरत नाही. दाव्याचा अर्ज, कैफियत, काढलेले मुद्दे, निकाल, हुकूमनामा, या सगळ्यांच्या प्रमाणित नकला लागतात. जुन्या प्रकरणातले काही कागद ठरावीक मुदतीनंतर नष्ट केले जातात, तेव्हा नकला निकाल लागला त्याच वर्षी काढून ठेवलेल्या बऱ्या. आजोबांच्या काळातला दावा असेल आणि नंबरच माहीत नसेल, तर गटाचे जुने फेरफार काढून वाचा; कोर्टाच्या हुकमावरून धरलेल्या फेरफारात 'रे. मु. नं.' (रेग्युलर मुकदमा नंबर, म्हणजे दाव्याचा क्रमांक) आणि पुढे आकडा व साल असं लिहिलेलं असतं. नकलेच्या अर्जावर तोच घालायचा.